वायरला नंबर नसतो

पोस्ट लांब आहे. पण ज्यांच्या गच्चीवर सोलर आहे, किंवा ज्यांचं आता बसवायचं चाललंय, त्यांनी शेवटपर्यंत वाचा. बाकीच्यांनी सोडून दिली तरी मला राग नाही.

दिवाळीच्या सुट्टीत नातू आला होता. सात वर्षांचा आहे. पावसाळाभर ओल खाल्लेल्या गाद्या सौ.ने गच्चीत उन्हाला टाकल्या होत्या आणि हा पठ्ठ्या त्या गाद्यांवर कोलांट्या मारत होता. आमची पॅनेलं गच्चीवर मांडवासारखी उंच केलेली आहेत, खाली माणूस उभा राहतो. मुद्दामच तशी केली, म्हणजे खालची जागा वाळवणाला वापरता येते. दुपारी साडेबाराच्या सुमारास खालूनच त्याचा आवाज आला, "आजोबा, इथे मेण वितळलंय!"

मी चहा पीत होतो. गच्चीवर मेण कुठलं? म्हटलं डांबर असेल, गेल्या वर्षी भेगा भरल्या होत्या. सावकाश वर गेलो. बघतो तर हा गादीवर गादी रचून त्यावर उभा आणि पॅनेलच्या खाली लोंबणाऱ्या काळ्या कनेक्टरकडे बोट नेतोय. कनेक्टरचं प्लास्टिक मऊ होऊन ओघळलं होतं, थेंबासारखं लोंबत होतं. वास येत होता. त्याच्या बोटात आणि त्या कनेक्टरमध्ये वीतभर अंतर असेल.

मी ओरडलो. इतक्या जोरात की तो गादीवरून खाली पडला आणि रडायला लागला. सौ. धावत वर आली आणि माझ्यावरच चिडली, "अहो, पोराला असं कोण ओरडतं?"

त्या दोन वायरींमध्ये त्या वेळी अडीचशे व्होल्ट होते. डीसी.

आता माझी ओळख ज्यांना आहे ते हसतील. मी एसटीच्या वर्कशॉपमध्ये सत्तावीस वर्षं इलेक्ट्रिशियन होतो. गाडीची बॅटरी 24 व्होल्टची, तीही डीसीच. नवीन पोरगा कामाला लागला की त्याला पहिल्या दिवशी सांगायचो, हातातली अंगठी काढून खिशात ठेव. बॅटरीचं टर्मिनल आणि बॉडी यांच्यामध्ये अंगठी आली तर बोट जातं. ढिलं टर्मिनल कसं जळतं, लग नीट दाबलेला नसला तर वायर कशी काळी पडते, हे मी शेकडो गाड्यांत पाहिलंय. आणि माझ्याच डोक्यावर दहा महिने ढिलं टर्मिनल तापत होतं, मला पत्ता नाही. म्हणजे पत्ता होता, लक्ष दिलं नाही. ते पुढे सांगतो.

सोलर जानेवारीत बसवलं. तीन किलोवॅट, 540 वॅटची सहा पॅनेलं. पीएम सूर्यघर योजनेतून. पहिल्या दोन किलोवॅटला तीस-तीस हजार आणि तिसऱ्याला अठरा, असं 78 हजार अनुदान, ते खात्यात जमा झालं, त्याबद्दल तक्रार नाही. वीजबिल जवळजवळ शून्यावर आलं, त्याबद्दलही तक्रार नाही. चांगल्या उन्हाच्या दिवशी बारा युनिट होतात. ज्याला परवडतं त्याने बसवावं, हे माझं मत आजही आहे. ही पोस्ट वाचून कोणी सोलर रद्द करू नका.

बसवणारा मुलगा आपल्याच ओळखीतला. माझ्याबरोबर डेपोत असलेल्या कंडक्टरचा मुलगा. आयटीआय झालेला, मेहनती. त्याने 1 लाख 95 हजार सांगितले. मी 1 लाख 85 वर आणले. दहा हजार कमी केले म्हणून आठवडाभर मी कट्ट्यावर सांगत होतो. कट्ट्यावरच्या आणखी तिघांनी त्याला तोच भाव मागितला.

मी बघितलं काय? पॅनेलची कंपनी बघितली. अनुदानाला देशी बनावटीच्या सेलचीच पॅनेलं लागतात, ती आहेत का ते बघितलं. इन्व्हर्टरची वॉरंटी किती वर्षं, ॲप मोबाइलमध्ये चालतं का, लोखंडी सांगाडा गॅल्व्हनाइज्ड आहे का, हे सगळं बघितलं. वायर कुठली वापरणार, हे मी विचारलंच नाही. एसटीचा इलेक्ट्रिशियन मी! मीटरची तपासणी झाली, फोटो निघाले, सह्या झाल्या. गच्चीवर चढून पॅनेलखाली मान घालून कोणी बघितलं नाही. मीही नाही.

पहिली खूण जूनमध्ये मिळाली. पाऊस सुरू झाला आणि सकाळी इन्व्हर्टर चालूच होईना. पडद्यावर लिहून यायचं, आयसोलेशन फॉल्ट. दहा-साडेदहाला जरा उघडीप झाली की आपोआप चालू. मी म्हटलं, पावसात तशीही वीज किती होणार? सोडून दिलं. नंतर कळलं की इन्व्हर्टर रोज सकाळी चालू होण्याआधी एक परीक्षा घेतो. वायरीतून वीज जमिनीकडे गळतेय का ते तपासतो. गळत असेल तर चालू होत नाही. म्हणजे बिचारं यंत्र चार महिने रोज सकाळी ओरडून सांगत होतं की तुमची वायर कुठेतरी उघडी आहे, पाणी शिरतंय. आणि मी त्याला म्हणत होतो, ठीक आहे, दहा वाजता उठ.

तुमच्याकडे पावसात असा फॉल्ट येत असेल आणि उन्हात जात असेल, तर तो गेलेला नसतो. वाळलेला असतो.

तर त्या दिवशी नातवाला खाली पाठवलं, गच्चीच्या दाराला कडी घातली. आधी इन्व्हर्टरकडून मीटरकडे जाणारा एसीचा एमसीबी पाडला, मग इन्व्हर्टरचा डीसी स्विच बंद केला. हा क्रम लक्षात ठेवा. आणि चालू असताना कनेक्टर ओढून काढायचा नाही, कधीही नाही. घरातली वीज एसी असते, ती सेकंदाला शंभर वेळा शून्यावर येते, त्यामुळे स्विच बंद करताना उडालेली ठिणगी आपोआप विझते. डीसी शून्यावर येतच नाही. कनेक्टर ओढला की दोन टोकांमध्ये जाळ लागतो आणि तो तुटत नाही, वेल्डिंगसारखा. त्यात हात असेल तर हात जातो. स्विच बंद केला तरी पॅनेलमधला दाब तसाच राहतो, कारण सूर्याला एमसीबी नाही. म्हणून मी संध्याकाळपर्यंत थांबलो. दिवेलागणीनंतर बॅटरीच्या उजेडात तो कनेक्टर उघडला.

आतली पिन निळी-काळी पडली होती. एका बाजूच्या कनेक्टरवर कंपनीचं नाव होतं, तो पॅनेलबरोबर आलेला. दुसऱ्या बाजूच्यावर नाव नाही, गाव नाही. नुसतं "1000 व्ही, 30 ए". आणि आतली वायर पिनेत पक्कडीने चेपलेली. मला ओळखता येतं हो ते. क्रिम्पिंग टूलचा दाब सहा बाजूंनी किंवा ठरलेल्या साच्यात सारखा बसतो. पक्कडीचा दाब म्हणजे चपटा, वेडावाकडा, आणि दोन-चार तारा बाहेर.

आता जरा हिशोब. माझ्या वायरीतून भर उन्हात तेरा अँपिअर जातात. चांगल्या कनेक्टरचा रोध असतो मिलिओहमच्या तिसऱ्या हिश्श्याएवढा. तेराचा वर्ग गुणिले तेवढा रोध, म्हणजे वॅटचा विसावा भाग उष्णता. काहीच नाही. पण तोच रोध ढिलेपणामुळे, गंजामुळे वाढून 0.15 ओहम झाला, तर? पंचवीस वॅट. पंचवीस वॅट म्हणजे किती, तर रेडिओवाल्याच्या दुकानातली सोल्डरिंगची इस्त्री तेवढीच असते. अंगठ्याएवढ्या बंद प्लास्टिकच्या डबीत सोल्डरिंगची इस्त्री सकाळी दहा ते दुपारी तीन चालू ठेवा, रोज. वितळणार नाही तर काय!

या कनेक्टरला सगळे एमसी4 म्हणतात. एमसी म्हणजे मल्टी-कॉन्टॅक्ट, मूळ कंपनीचं नाव, आणि 4 म्हणजे आतल्या पिनेचा 4 मिलिमीटर व्यास. आज ती स्विस कंपनी स्टॉयब्ली नावाने ओळखली जाते. बाकी बाजारात मिळतात ते सगळे "एमसी4 कम्पॅटिबल". कम्पॅटिबल हा शब्द फसवा आहे. एकमेकांत बसतात, "टक" असा आवाजही येतो. पण आतल्या स्प्रिंगचा ताण, पिनेवरचा मुलामा, रबरी रिंगची जाडी, प्लास्टिकची जात, हे प्रत्येक कंपनीचं वेगळं. एका कंपनीने दुसऱ्या कंपनीच्या मापासाठी खात्री दिलेली नसते. म्हणून आयईसी 62548 या आंतरराष्ट्रीय मानकात सरळ लिहिलंय की जोडले जाणारे दोन्ही कनेक्टर एकाच कंपनीचे आणि एकाच प्रकारचे हवेत. नर एका घरचा आणि मादी दुसऱ्या घरची, हे लग्न इथे चालत नाही. वाईट कंपनीचाच प्रश्न आहे असंही नाही. दोन चांगल्या कंपन्यांचे एकमेकांत घातले तरी तेच.

आणि आता सगळ्यात राग येण्यासारखी गोष्ट. हे मिसळणं गच्चीवर किती जागी होतं? मोजा. सहा पॅनेलं एकामागे एक जोडली की मधल्या जोडांत दोन्ही बाजूंना कारखान्यातलेच कनेक्टर येतात, एकाच कंपनीचे. तिथे प्रश्न नाही. प्रश्न येतो माळेच्या दोन टोकांना, जिथे पॅनेलची वायर संपते आणि आपली वायर सुरू होते. माझ्याकडे तीन-तीनच्या दोन रांगा, मध्ये एक जोडवायर, म्हणून आणखी दोन जागा. एकूण चार. खाली इन्व्हर्टरला त्याच्याच डब्यात त्याचे कनेक्टर आलेले असतात, ते वापरले की झालं. म्हणजे बाहेरून आणायचे किती? चार अर्धे, म्हणजे दोन जोड्या. पॅनेलवाल्या कंपनीचेच कनेक्टर मी नंतर मागवले, जोडीला दीडशे रुपये पडले.

तीनशे रुपये.

दुसऱ्या दिवशी मुलाला फोन केला. तो आला. कनेक्टर हातात दिला, काही बोललो नाही. तो बघत राहिला. मग आम्ही दोघांनी मिळून पाइपातल्या वायरी बाहेर ओढल्या, कारण पावसातल्या फॉल्टचा शोध लावायचा होता. लाल वायर अख्खी, व्यवस्थित सोलरची. काळी वायर गच्चीवरून आत शिरते तिथपर्यंत सोलरची, आणि पुढे आठ मीटर घरगुती वायर. मध्ये पिळून जोड, वर काळी टेप. टेप सुटून लोंबत होती, पाइपाच्या वळणात पाणी साचलेलं, आणि जोड त्या पाण्यात.

"हे काय रे?"

"काका, त्या दिवशी रोल संपला. पोरांनी वाढवलं असेल. मी खाली इन्व्हर्टर लावत होतो."

"आणि कनेक्टर?"

जरा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "काका, रागावू नका. तुम्ही दर पाडलात. तुमचं बघून अख्ख्या आळीने पाडला. मी कमी कुठे करू? पॅनेलला नंबर असतो, इन्व्हर्टरला नंबर असतो, ते नंबर पोर्टलवर चढवायला लागतात. वायरला नंबर नसतो."

मला उत्तर सुचलं नाही. खरं सांगतो, मी भांडायच्या तयारीने बसलो होतो. पण मी कट्ट्यावर दहा हजार कमी केल्याच्या बढाया मारत होतो तेव्हा ते दहा हजार कुठून निघणार, हा विचार मी केला नव्हता. तरी हिशोब म्हणून सांगतो, आठ मीटर वायरीचे चारशे-साडेचारशे आणि कनेक्टरमध्ये वाचलेले दोनशे. साडेसहाशे रुपयांच्या आत सगळा खेळ. त्याच्या नफ्याला याने काही फरक पडला नसता, माझ्या खिशाला तर नाहीच. पण एका दिवसात दोन गच्च्या उरकायच्या, रोजावरची पोरं, संपलेला रोल, आणि कोणीही बघणार नाही ही खात्री. चूक त्याची आहे, मी त्याला ती माफ केलेली नाही, त्यालाही माहीत आहे. पण विचारायचं काम माझं होतं.

काय विचारायचं, ते आता लिहितो.

वायर. सोलरच्या डीसी वायरीवर छापलेलं असतं. वाचा. आयएस 17293 हे आपलं भारतीय मानक, किंवा ईएन 50618 हे युरोपचं, त्याबरोबर एच1झेड2झेड2-के असा मंत्रासारखा कोड. पुढे 1.5 केव्ही डीसी, पुढे 4 किंवा 6 चौरस मिलिमीटर. यातलं काहीच छापलेलं नसेल आणि नुसतं "सोलर केबल" असेल तर घेऊ नका. घरगुती वायरीचं आवरण पीव्हीसीचं, सत्तर अंशांपर्यंतचं, सावलीत राहायला केलेलं. आपल्या उन्हात ते कडक होतं, तडकतं. सोलरच्या वायरीला दोन थर असतात, ऊन-पाऊस सोसणारे, आणि आतला तांब्याच्या प्रत्येक तारेला कथलाचा मुलामा. आपण खाडीच्या काठावर राहतो, खारा वारा सगळीकडे शिरतो. उघडं तांबं इथे दोन पावसाळ्यांत हिरवं होतं, हे इथल्या कुठल्याही मच्छीमाराला विचारा. वायरीचं टोक सोला. तारा चांदीसारख्या दिसल्या पाहिजेत. पात्याने खरवडलं की आत लाल तांबं दिसलं पाहिजे. आत पांढरंच निघालं तर ते ॲल्युमिनियम.

माझी आणखी एक युक्ती. दहा सेंटिमीटर वायर सोलून नुसतं तांबं सोनाराच्या काट्यावर ठेवा. 4 चौरस मिलिमीटरची खरी असेल तर साडेतीन ग्रॅमच्या आसपास भरते. मी लाल वायरीचा तुकडा नेला, जवळपास तेवढाच भरला. मधल्या घरगुती वायरीचा सव्वादोन ग्रॅम भरला, म्हणजे ती अडीचची. सोनार आमचा मित्र, म्हणाला, आता काय तांबं गहाण ठेवायला आणलंस काय!

जाडी किती घ्यायची यावर भरपूर सल्ले मिळतात. सहा घ्या, दहा घ्या. तीन किलोवॅटला एक माळ असेल तर चार पुरते. माझ्या गच्चीपासून इन्व्हर्टरपर्यंत बावीस मीटर, जाऊन-येऊन चव्वेचाळीस. चारच्या वायरीत भर उन्हात अडीचशे व्होल्टमधले तीन व्होल्ट जातात. सहा घेतली तर दोन जातात. एका व्होल्टसाठी मीटरमागे पंचवीस रुपये जास्त मोजायचे की नाही, तुमचं तुम्ही ठरवा. अंतर चाळीस-पन्नास मीटर असेल, बंगला मोठा आणि मीटर गेटवर असेल, तर सहा घ्या. जाड वायर घेऊन वाईट कनेक्टर लावणं म्हणजे मोठ्या पाइपाला गळकी तोटी. पैसे घालायचे तर कनेक्टरमध्ये घाला.

कनेक्टरसाठी बसवणाऱ्याला एकच प्रश्न विचारा. पॅनेलवर कुठल्या कंपनीचा कनेक्टर आहे, आणि तू कुठल्या कंपनीचा आणणार? दोन्ही नावं एकच आली पाहिजेत. पॅनेलच्या माहितीपत्रकात ते लिहिलेलं असतं, नाहीतर कनेक्टरच्या अंगावर कोरलेलं असतं. तो "सगळे सेमच असतात" म्हणाला की समजून जा. दुसरं, क्रिम्पिंग टूल दाखव म्हणा. पक्कड दाखवली तर चहा पाजून परत पाठवा. दाबल्यावर वायर त्याच्यासमोर ओढून बघा, जोर लावून. निघाली तर ती वर जाण्याआधी निघाली हे बरं झालं. मागचं नट पान्याने घट्ट करायचं, हाताने नाही, त्याचे प्लास्टिकचे पाने मिळतात. ते ढिलं राहिलं की पाणी आत.

वायर पॅनेलच्या मागे बांधलेली हवी. लोंबता कामा नये आणि स्लॅबवर पडता कामा नये. पांढऱ्या प्लास्टिकच्या पट्ट्या वर्ष-दीड वर्षात तुटतात, मग वायर वाऱ्याने पत्र्याच्या कडेला घासत राहते. ऊन सोसणाऱ्या काळ्या पट्ट्या मिळतात, त्याहून स्टीलच्या क्लिपा चांगल्या. पाइपात शिरताना वायरीला खाली झोळ द्यायचा, म्हणजे पागोळीचं पाणी तिथून गळून जातं, वायरीवरून आत वाहत नाही. आणि मध्ये जोड नको. अजिबात नको. रोल संपला तर काम उद्या करा, असं स्पष्ट सांगा. माकडांचं काय करायचं, ते मात्र मला विचारू नका. आमच्याकडे एक हुप्प्या पॅनेलवर बसून समुद्राकडे बघत असतो, त्याला मी काही म्हणत नाही, तोही वायरीला हात लावत नाही.

डीसीच्या डब्यात एमसीबी असेल तर त्यावर डीसी लिहिलेलं आहे का ते बघा. एसीचा एमसीबी डीसीचा जाळ तोडू शकत नाही, मघाशी सांगितलं त्याच कारणाने. अर्थिंगवर स्वतंत्र पोस्ट लिहीन, तो विषय इथे घातला तर रात्र होईल. एवढंच सांगतो की परतीच्या पावसातल्या विजा आपण सगळ्यांनी पाहिल्यात, त्यामुळे अर्थिंगच्या खड्ड्यांत मीठ-कोळसा की केमिकल या वादापेक्षा त्याचा रोध मोजून कागदावर घ्या.

आधीच सोलर आहे त्यांनी काय करायचं? ढग नसलेल्या दिवशी भर दुपारी, हात न लावता, लांबून तापमान मोजायच्या पिस्तुलाने प्रत्येक कनेक्टर बघा. कोरोनात कपाळावर धरायचो ते नव्हे, ते त्रेचाळीसच्या वर जातच नाही. कारखान्यात वापरतात ते, हजारभर रुपयांत येतं, मी घेतलंय. सगळे कनेक्टर साधारण सारखेच गरम लागले पाहिजेत. एखादा शेजाऱ्यापेक्षा वीस-तीस अंशांनी जास्त निघाला तर सोलर बंद करा आणि माणूस बोलवा. ॲपमधला आलेखही बघा. निरभ्र दिवशी तो टोपीसारखा गोल दिसतो. माझ्या आलेखात शेवटचे आठ-दहा दिवस दुपारी खाचे पडत होते, दात पडल्यासारखे. मी ॲप रोज उघडायचो, पण फक्त किती युनिट झाले तेवढंच बघायला.

अनुदान देणाऱ्यांनाही एक सांगणं आहे. पॅनेलच्या नंबरचा फोटो घेता तसा माळेच्या दोन टोकांच्या कनेक्टरचा फोटो घ्या. नाव दिसेल असा. वायरीवरची छापलेली ओळ दिसेल असा आणखी एक. दोन फोटोंना किती वेळ लागतो? एक कोटी घरांचं उद्दिष्ट आहे. घरामागे चार जागा धरल्या तरी चार कोटी जोड होतात, आणि ते सगळे कोणाच्या तरी गाद्यांवर, पापडांवर, नातवंडांच्या डोक्यावर लोंबणार आहेत. आपल्या नगरपरिषदेच्या अग्निशमन दलातल्या मुलांना गच्चीवरचं सोलर बंद कसं करायचं, कुठल्या वायरीवर पाणी मारायचं नाही, हे शिकवलं जातं का, हाही प्रश्न मी नगरपरिषदेला लेखी विचारलाय. पोच मिळाली आहे. उत्तर आलं की इथेच टाकतो.

त्या मुलाने माझी काळी वायर अख्खी बदलून दिली, सलग, जोड नसलेली. कनेक्टर चारही बदलले. पैसे घेतले नाहीत, करारात पाच वर्षांची देखभाल आहेच. मी त्याला क्रिम्पिंग टूल घेऊन दिलं. भेट म्हणून नाही, हप्त्याने फेडतोय. त्यानंतर आम्ही दोघं दर रविवारी एकेका घरी जातो. आमच्या आळीत त्याने बसवलेली नऊ घरं आहेत, पाच बघून झाली. त्यातल्या चार घरांत टोकाचे कनेक्टर मिसळलेले निघाले, एका घरी एक कनेक्टर बाकीच्यांपेक्षा बराच तापत होता. तिथे आजी एकट्याच असतात, मुलगा दुबईला. त्यांना सांगितलं तर म्हणाल्या, "मला वाटलं, सोलरला वास येतोच."

नातू परत पुण्याला गेला. जाताना तो वितळलेला कनेक्टर मागत होता, शाळेत दाखवायला. दिला नाही, कारण मला तो नगरपरिषदेत न्यायचाय. त्याला जुन्या वायरीचा तुकडा दिला, चांदीसारख्या तारांचा.

येत्या रविवारी सकाळी आठला खालच्या आळीत येतोय, चार घरं राहिली आहेत. दुसऱ्या कोणाकडून बसवलेलं असेल आणि दाखवायचं असेल त्यांनी खाली लिहा, त्यांचंही बघू, पैसे नाहीत. शिडी आमच्याकडे एकच आहे, आठ फुटी. ज्यांची पॅनेलं पत्र्यावर आहेत त्यांनी आपली शिडी काढून ठेवा, आणि गच्चीवरच्या गाद्या आधी उचला.